कंपनीची मोफत गोळी: पहिलं बिल होण्याआधी नोंदणी करा

ताई, तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडते, म्हणजे मागाहून वाचणाऱ्यांनाही संदर्भ लागेल. वडिलांना फुफ्फुसाचा कर्करोग, तपासणीत ईजीएफआर म्युटेशन (गाठीच्या पेशींतल्या एका जनुकातला बदल) निघालं, डॉक्टरांनी ओसिमर्टिनिब ८० मिलिग्रॅम रोज एक गोळी लिहून दिली. महिन्याचा खर्च ऐकून घरात सगळ्यांची झोप उडाली. मग ओपीडीत शेजारी बसलेल्या कुणीतरी सांगितलं की कंपनीची स्कीम असते, सुरुवातीचं औषध विकत घ्यायचं, पुढचं फुकट मिळतं. हे खरं आहे का, अर्ज कुठे करायचा, कागद कोणते लागतात आणि यात फसवणूक तर नाही ना, एवढं तुम्हाला हवं आहे.

खरं आहे. माझ्या दिरांच्या आजारपणात आम्ही यातून गेलो आणि त्यानंतर ओळखीपाळखीतल्या बऱ्याच घरांच्या फायली मी लावून दिल्या. म्हणून सगळ्यात महत्त्वाचं आधी सांगते: पहिली स्ट्रिप घ्यायच्या आधी नोंदणी करा. बऱ्याच योजनांत नोंदणीनंतरचीच बिलं धरतात. लोक घाबरून धावतपळत औषध आणतात, महिनाभराने कुणीतरी स्कीमबद्दल सांगतं, आणि तोवर भरलेले पैसे हिशेबात येत नाहीत. काही ठिकाणी मागची बिलं चालतात, पण त्यालाही मुदत असते. डॉक्टरांनी आजच गोळी सुरू करा म्हटलं असेल तर औषध थांबवू नका, पण फॉर्म त्याच दिवशी भरून घ्या.

आता अर्ज कुठे. तुम्ही इंटरनेटवर शोधलंत आणि अमेरिकेची पानं निघाली, असं लिहिलंय. ती सोडून द्या. तिथल्या कंपन्यांच्या योजना तिथे राहणाऱ्यांसाठी असतात. सांगली जिल्ह्यातून तो फॉर्म भरून काही होणार नाही. आपल्याकडे डॉक्टरांच्या चिठ्ठीवरच मिळणाऱ्या औषधाची जाहिरात थेट लोकांत करायला मनाई आहे, त्यामुळे या योजनांचे फलक लागत नाहीत आणि माहिती तोंडोतोंडीच फिरते. अर्जही रुग्ण परस्पर करत नाही, तो डॉक्टरांमार्फत जातो. ऑन्कॉलॉजिस्टच्या, म्हणजे कर्करोगतज्ज्ञांच्या, केबिनबाहेर जी सिस्टर किंवा कोऑर्डिनेटर बसते तिला सरळ विचारा, "या गोळीचा पेशंट असिस्टन्स प्रोग्रॅम आहे का? फॉर्म तुमच्याकडे मिळेल का?" नुसतं पॅप म्हटलं तरी तिला कळतं. मोठ्या रुग्णालयात मेडिकल सोशल वर्करचा विभाग असतो, तिथेही हीच चौकशी करता येते. डॉक्टरांना विचारायला संकोच करू नका. त्यांना हा प्रश्न रोज येतो, आणि त्यांची सही, शिक्का आणि नोंदणी क्रमांक असल्याशिवाय तो कागद पुढे सरकतच नाही.

योजना साधारण दोन जातीच्या. एक, संपूर्ण मोफत, पण उत्पन्न तपासून. याचं आपल्याकडचं सगळ्यात मोठं उदाहरण म्हणजे रक्ताच्या कर्करोगावरचं ग्लिव्हेक. नोव्हार्टिसने मॅक्स फाउंडेशन या संस्थेमार्फत ते भारतातल्या सीएमएल या रक्ताच्या कर्करोगाच्या हजारो रुग्णांना वर्षानुवर्षं फुकट दिलं. दुसरी जात तुम्ही ऐकलीत ती: ठरावीक महिने किंवा ठरावीक स्ट्रिप विकत, पुढच्या मोफत. कधी हे चक्र पुन्हा पुन्हा फिरतं, कधी एक टप्पा भरला की औषध लागू पडतंय तोवर मोफत. आकडे औषधागणिक वेगळे आणि ते बदलत राहतात. म्हणून मागच्या वर्षी कुणाला काय मिळालं यावर विसंबू नका. फॉर्मवर आज छापलेलं काय आहे तेवढंच खरं. त्यावर तीन गोष्टी बघा: एकूण किती पैसे आपल्या खिशातून जाणार, मोफत औषध किती काळ, आणि कशाने बंद होणार.

औषधाची किंमतही ताजी विचारा. जुलै २०२४ च्या अर्थसंकल्पात ओसिमर्टिनिबसह तीन कर्करोगाच्या औषधांवरचं सीमाशुल्क काढून टाकलं, मग त्याच वर्षी ऑक्टोबरात जीएसटी १२ वरून ५ टक्क्यांवर आला. नेटवर अजून जुने आकडे फिरतात. स्टॉकिस्टकडून, म्हणजे औषधाच्या ठोक विक्रेत्याकडून, आजचा भाव कागदावर लिहून घ्या. छापील किमतीवर थोडी सूट बहुतेक स्टॉकिस्ट देतात, पण मागितल्याशिवाय नाही.

कागदांचं सांगते, कारण फाइल अडकते ती इथेच.

वडिलांचं आधार आणि फोटो, बायोप्सीचा रिपोर्ट, म्युटेशनचा रिपोर्ट, ताजी चिठ्ठी, संमतिपत्रावर वडिलांची सही. सही जमत नसेल तर अंगठा, पण कुणीतरी दुसऱ्याने त्यांच्या नावाची सही ठोकू नये. उत्पन्नाची अट असेल तर तहसीलदारांचा दाखला लागतो. तो सेतू केंद्रातून किंवा आपले सरकारवरून निघतो आणि त्याला दिवस जातात, म्हणून अर्ज आजच टाकून ठेवा, लागला नाही तर नाही. नोकरदार घरात फॉर्म १६ किंवा रिटर्न मागतात. सीजीएचएस, ईसीएचएस, ईएसआयसी अशा सरकारी आरोग्य योजनांतून किंवा नोकरीच्या कंपनीकडून औषधाचे पैसे परत मिळत असतील तर तेही विचारतात, आणि तिथे खोटं लिहू नका. पुढे कळलं तर मधेच औषध थांबतं, आणि हा आजार मधेच थांबण्याचा नाही.

नावाकडे लक्ष द्या. आधारवर पूर्ण नाव, बायोप्सीवर नुसती आद्याक्षरं, बिलावर तिसरंच काहीतरी, असं आपल्याकडे सर्रास असतं. गावाकडच्या माणसांच्या आडनावाच्याही दोन-दोन तऱ्हा असतात. सगळीकडे आधारवरचं नाव जसंच्या तसं लावून घ्या. बिलावर तर नक्कीच, कारण फाइलचा जीव बिलात आहे. बिल पक्कं हवं: रुग्णाचं नाव, डॉक्टरांचं नाव, औषधाचा बॅच नंबर, जीएसटी क्रमांक. आणि ते योजनेने नेमलेल्या स्टॉकिस्टचं किंवा रुग्णालयाच्या मेडिकलचं हवं. कोपऱ्यावरचा ओळखीचा मेडिकलवाला दोन टक्के जास्त सूट देईल, पण त्याचं बिल योजनेत धरलं नाही तर ती सूट महागात पडते.

मेडिक्लेम असेल तर आणखी एक पेच. विमा कंपनी मूळ बिल मागते आणि योजनेवालेही मूळ बिल मागतात. बिल करतानाच दुकानदाराकडून दुसरी शिक्क्याची प्रत घ्या, आणि दोन्हीकडे आधीच विचारून ठेवा की मूळ कुणाला द्यायचं आणि प्रत कुणाला चालेल. पॉलिसी चाळाही. आयआरडीएआय या विमा नियामक संस्थेच्या नियमांनुसार तोंडाने घ्यायची केमोथेरपी आधुनिक उपचारांच्या यादीत आहे, ती सरसकट वगळता येत नाही. मर्यादा मात्र घालता येते. 'गोळ्या आहेत, दवाखान्यात भरती नाही, क्लेम बसत नाही' असं एजंटने म्हटलं तर पॉलिसीतलं कलम दाखवायला सांगा. विकतच्या टप्प्याचे पैसे यातून काही अंशी निघाले तर अर्धी लढाई तिथेच.

फॉर्म गेला की योजना चालवणाऱ्या संस्थेचा फोन येतो. कंपनी स्वतः फोन करत नाही, हे काम बहुधा बाहेरच्या एजन्सीकडे असतं, त्यामुळे नंबर अनोळखी असतो. तो उचला आणि सेव्ह करा. ते रुग्णाचा आयडी देतात. पुढची प्रत्येक खेप ताज्या चिठ्ठीवर आणि रिकाम्या स्ट्रिप परत दिल्यावर मिळते. म्हणून रिकामी स्ट्रिप, खोका, काही म्हणून टाकू नका. घरात सगळ्यांना, कामवाल्या बाईंनासुद्धा, सांगून ठेवा. ही निव्वळ कागदी कटकट वाटते, पण कारण ऐका: मार्च २०२४ मध्ये दिल्ली पोलिसांनी एक टोळी पकडली, ती महागड्या कर्करोगाच्या इंजेक्शनांच्या रिकाम्या बाटल्या गोळा करून त्यांत बुरशीवरचं साधं औषध भरून विकत होती. रिकामं पाकीट बाजारात जाऊ नये म्हणून ते परत घेतात.

त्यावरूनच फसवणुकीचं. नोंदणीला फी नसते. कुणी 'प्रोसेसिंग'चे पैसे, ओटीपी किंवा बँकेचा तपशील मागितला तर फोन ठेवून द्या आणि डॉक्टरांच्या कोऑर्डिनेटरला कळवा. मोफतच्या स्ट्रिपवर विक्रीसाठी नाही असं छापलेलं असतं. तसली स्ट्रिप कुणी अर्ध्या भावात देऊ केली, अगदी 'आमचे बाबा गेले, उरलेली आहे' असं रडत सांगितलं, तरी घेऊ नका. या गोळीच्या बांगलादेशी कॉपीबद्दलही तुम्ही विचारलंत. त्या गोळ्या भारतात परवान्याशिवाय फिरतात, बिल मिळत नाही, आत काय आहे हे कुणी तपासलेलं नसतं, आणि त्या घेतल्या की कंपनीच्या योजनेतलं सातत्य तुटतं. परदेशातून स्वतःपुरतं औषध आणायचा कायदेशीर रस्ता आहे, फॉर्म १२ए भरून १२बीचा परवाना घ्यायचा, पण तुमच्या बाबतीत औषध इथेच मिळतंय, तर त्या वाटेला जाण्याचं कारण नाही.

वेळेचं गणित असं ठेवा की घरात दहा दिवसांच्या गोळ्या उरल्या की पुढच्या खेपेचा फोन करायचा. दिवाळी, गणपती, मार्चअखेर या काळात त्याही आधी. योजनेचं औषध कधी रुग्णालयाच्या मेडिकलमध्ये येतं, कधी स्टॉकिस्टकडे, आणि सांगली-मिरजेकडे पुण्या-मुंबईपेक्षा एखादा दिवस जास्त लागू शकतो. औषध पुरवायला म्हणून एक दिवसाआड गोळी देणं हा प्रकार काही घरांत चालतो. तो करू नका, खेप उशिरा येतेय असं वाटलं तर डॉक्टरांना सांगा. त्यांच्या एका फोनने जे हलतं ते आपल्या दहा फोनने हलत नाही.

स्कॅनमध्ये आजार वाढलेला दिसला, किंवा डॉक्टरांनी औषध बदललं, की ही योजना बंद होते. नव्या औषधाची योजना वेगळी, फॉर्म वेगळा, आणि विकतचा टप्पा असेल तर तोही पुन्हा पहिल्यापासून. हे आधी कुणी सांगत नाही म्हणून सांगते. सगळी शिल्लक पहिल्याच औषधावर रिकामी करू नका, शेत किंवा दागिना काढायचा विचार असेल तर निदान हा हिशेब समोर ठेवून करा.

आणि अर्जाच्या आधी डॉक्टरांना एक प्रश्न नक्की विचारा: "हीच गोळी का? जेफिटिनिब किंवा एर्लोटिनिब चालेल का?" ही याच म्युटेशनवरची जुनी औषधं, आणि त्यांची जेनेरिक, म्हणजे इतर कंपन्यांनी बनवलेली तीच औषधं, इथे काही हजारांत मिळतात. ओसिमर्टिनिब लिहिण्यामागे सबळ कारण असू शकतं, मेंदूत गाठ असेल किंवा आधीचं औषध निकामी झालं असेल, आणि निर्णय त्यांचाच. पण विचारायला पैसे पडत नाहीत. मोफत म्हणवणारी महाग गोळी आणि विकतची स्वस्त गोळी यांत दोन वर्षांचा एकूण खर्च मांडला की कधी कधी उत्तर उलटं येतं.

माझं मत विचारलंत म्हणून: कंपनी यात धर्मादाय करत नाही. छापील किंमत चढीच ठेवायची आणि सवलत मागच्या दाराने द्यायची, असा हा मामला आहे. २०१२ मध्ये नेक्साव्हर या यकृत-मूत्रपिंडाच्या कर्करोगावरच्या औषधाचा सक्तीचा परवाना, म्हणजे पेटंटवाल्या कंपनीच्या संमतीशिवाय औषध बनवायची सरकारी परवानगी, नॅटको या भारतीय कंपनीला मिळाला, तेव्हा महिन्याचे २,८०,४२८ रुपये नऊ हजारांच्या आत आले. शिवाय वर्षाला किमान ६०० गरजू रुग्णांना फुकट द्यायची अटही त्यात होती. फरक केवढा ते बघा. पण धोरणाचा वाद वेगळा आणि वडिलांची गोळी वेगळी. सरकारही या योजनांना धरून चालतं. २०२५ च्या अर्थसंकल्पात अशा १३ नव्या योजना आणि ३७ औषधं सीमाशुल्कमाफीच्या यादीत घातली, अट एवढीच की औषध रुग्णाला फुकट मिळालं पाहिजे. तेव्हा भीक मागतोय असं मनात आणू नका, हक्काने फॉर्म भरा.

विकतच्या टप्प्यासाठी पैसे कमी पडत असतील तर राज्य सरकारच्या महात्मा फुले जनआरोग्य योजनेच्या आरोग्यमित्राला, म्हणजे रुग्णालयात बसणाऱ्या तिच्या मदतनिसाला, भेटा. कुटुंबाला वर्षाला ५ लाखांचं संरक्षण आहे, पण नवीन गोळ्या पॅकेजात बसतीलच असं नाही. निदान स्कॅन, भरती, रेडिएशन त्यातून झालं तर हातातली रोकड गोळीसाठी मोकळी होते. सिद्धिविनायक ट्रस्ट आणि मुख्यमंत्री सहायता निधीचे अर्जही करा. अशी मदत सहसा रुग्णाच्या हातात न येता रुग्णालयाच्या नावाने जाते, म्हणून औषध रुग्णालयाच्याच मेडिकलमधून घेता येईल का आणि ते मेडिकल योजनेच्या यादीत आहे का, हे दोन्ही एकाच वेळी विचारून घ्या.

उपचार सरकारी रुग्णालयात चाललेत की खाजगी, घरात कुणाचा मेडिक्लेम आहे का, आणि आतापर्यंत एखादी स्ट्रिप घेतली आहे का, एवढं कळवा. घेतली असेल तर बिलाची तारीखही लिहा, म्हणजे ते बिल धरून घेण्यासाठी कोऑर्डिनेटरला काय लिहून द्यायचं ते सांगते.