आंतोनियो दा कुन्हा तेलिस हे निर्माता होते की दिग्दर्शक? त्यांचं काम बघायला कुठून सुरवात करावी?

तुम्ही विचारलंय की नक्की कोण, निर्माता की दिग्दर्शक. दोन्ही, पण क्रम उलटा. आपल्याकडे दिग्दर्शकाच्या दोन फिल्म चालल्या की तो स्वतःचं बॅनर काढतो. या माणसाने आधी दुसऱ्यांच्या पहिल्या फिल्ममध्ये पैसे घातले, त्यात जवळपास सगळं घालवलं आणि मग स्वतःची पहिली फीचर फिल्म केली. मी मराठी फिल्मच्या सेटवर प्रॉडक्शनचं काम करतो, रोजचा हिशोब, लोकेशनच्या परमिशन, जेवणाची ताटं हेच माझं आयुष्य, त्यामुळे मला हा माणूस फार जवळचा वाटतो.

जन्म १९३५ चा, फुंशालचा, म्हणजे पोर्तुगालच्या मदैरा बेटावरचा. लिस्बनला मेडिकलला गेले, ते सोडून पॅरिसला फिल्म स्कूलमध्ये शिकले आणि साठच्या दशकाच्या सुरवातीला परत आले. तो काळ डोळ्यासमोर आणायचा तर आपल्याला गोवा माहितीच आहे. ज्या हुकूमशहा सालाझारने १९६१ च्या डिसेंबरपर्यंत गोवा सोडला नाही त्याचीच राजवट तिकडे लिस्बनमध्येही होती, तीच सेन्सॉरशिप, तेच पोलीस. (गोव्यात आपण कुन्हा लिहितो, तिकडे उच्चार साधारण कुन्या असा होतो, म्हणून नेटवर शोधताना गोंधळ होईल.) पोर्तुगीज सिनेमा तर इतका आटला होता की १९५५ साली देशात एकही फीचर फिल्म झाली नाही, त्या वर्षाला तिकडे शून्य वर्षच म्हणतात.

अशा ठिकाणी हा तिशीच्या आतला पोरगा प्रॉडक्शन कंपनी काढतो आणि ज्यांनी एकही फीचर केलेली नाही अशांना फिल्म देतो. १९६३ ला पाउलो रोशाची ‘उश व्हेर्दिश आनुश’, म्हणजे हिरवी वर्षं. १९६४ ला फर्नांदो लोपेशची ‘बेलार्मिनो’, जी एका खऱ्या, उतरणीला लागलेल्या बॉक्सरवर आहे आणि तो बॉक्सर स्वतःच पडद्यावर आहे. मग आंतोनियो द मासेदोची पहिली फीचर, मग रोशाचीच दुसरी. ज्याला आज ‘सिनेमा नोव्हो’, पोर्तुगालचा नवा सिनेमा म्हणतात त्याची सुरवातीची वर्षं बघितलीत तर निर्माता म्हणून हेच नाव परत परत येतं. शिवाय फ्रेंचांबरोबर को-प्रॉडक्शन, फ्रेंच दिग्दर्शक त्रुफोच्या १९६४ च्या ‘ला पो दूस’ मधला लिस्बनचा भाग आठवत असेल तर त्यातही हेच होते.

‘उश व्हेर्दिश आनुश’ बद्दल थोडं जास्त सांगतो कारण माझा जीव त्यात अडकलाय. खेड्यातला एक मुलगा, झुलियो, काकाच्या ओळखीने लिस्बनला चपला-बूट दुरुस्तीच्या कामाला येतो. दुकान तळघरात, खिडकीतून रस्त्यावरच्या लोकांचे फक्त पाय दिसतात. त्याचं जुळतं इल्दाशी, ती जवळच्याच एका फ्लॅटमध्ये घरकामाला. मालकीण नसताना ती त्याला घर दाखवते आणि मालकिणीचे कपडे एकेक घालून त्याच्यासमोर मिरवते. ती हसतेय, मस्त मूडमध्ये आहे आणि तो बघत राहतो, आणि आपल्याला कळतं की हे शहर त्याच्या हाताला लागणार नाही. मागे कार्लुश पारेदिशची गिटार. कुणी डायलॉग मारत नाही, कुणी रडत नाही. हा सीन पहिल्यांदा बघितला तेव्हा मला आपल्या सोसायट्यांमध्ये दुपारी एकट्या असणाऱ्या कामवाल्या मुली आठवल्या आणि मी लॅपटॉप बंद करून बराच वेळ तसाच बसलो होतो. स्वित्झर्लंडच्या लोकार्नो फिल्म फेस्टिवलला या फिल्मला बक्षीस मिळालं, पण तिकीटबारीवर पैसे आले नाहीत.

आणि सेन्सॉर होतंच. फारिया द आल्मेइदाची ‘कातेंब’ ही मोझांबिकमधल्या तेव्हाच्या लोरेन्सो मार्किश, म्हणजे आजच्या मापुतो शहरातल्या रोजच्या जगण्यावरची फिल्म, निर्माते हेच. तिला १०३ कट सांगितले. तेवढं कापूनसुद्धा ती दाखवू दिलीच नाही. एका कटसाठी एडिट टेबलवर किती तास भांडण होतं ते मी बघितलंय, १०३ म्हणजे फिल्म उरतच नाही. एकेक फिल्म पडत गेली, पैसा अडकला आणि साठचं दशक संपायच्या आत ती पहिली प्रॉडक्शनची धाव थांबली.

इथे बहुतेक जण धंदा सोडतात. यांनी १९७० ला ‘उ सेर्कु’, म्हणजे वेढा, ही स्वतः दिग्दर्शित केलेली पहिली फीचर आणली, तीही कमी पैशात. मारिया काब्राल नावाची नटी, नवऱ्याला सोडून स्वतःच्या पायावर उभी राहू बघणारी बाई, आणि शहर तिला हळूहळू सगळीकडून आवळत जातं. आणि ही चालली! जे दुसऱ्यांच्या फिल्मला मिळालं नाही ते प्रेक्षक यांच्या स्वतःच्या फिल्मला मिळाले.

पुढचं पटकन सांगतो. १९७४ ला ‘मेउश आमिगुश’, त्याच वर्षी २५ एप्रिलला हुकूमशाही पडली. मग १९७६ ची डॉक्युमेंटरी, लागोश गावाजवळच्या मेया प्राया किनाऱ्यावरच्या झोपड्यांमधले कोळी क्रांतीनंतर सरकारी योजनेतून स्वतःच्या हाताने पक्की घरं बांधतात त्यावर. हिच्यासाठी गायक झोझे आफोन्सूने लिहिलेलं गाणं तिकडे फिल्मपेक्षा जास्त लोकांना पाठ आहे. नंतर सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटचं काम, डिस्ट्रिब्युशन, परत निर्मिती, मधूनच स्वतःच्या फिल्म, शेवटची फीचर २००४ ची ‘किस मी’. २०२२ च्या नोव्हेंबरमध्ये गेले.

मला विचाराल तर दिग्दर्शक म्हणून ते चांगले होते, निर्माता म्हणून फार मोठे होते. हे बोलताना ‘उ सेर्कु’ ला कमी लेखायचं नाहीये, पण रोशा आणि लोपेशना त्या वेळी दुसरं कोण उभं करणार होतं?

बघायला सुरवात ‘उश व्हेर्दिश आनुश’ पासून करा, मग ‘बेलार्मिनो’, आणि तिसरी ‘उ सेर्कु’. याच क्रमाने बघा, कारण दुसऱ्यांच्या दोन फिल्ममध्ये लिस्बनचे रस्ते बघून झाले की त्याच शहरात ते स्वतः कॅमेरा कुठे लावतात ते लगेच लक्षात येतं. सबटायटल्स असलेली प्रिंटच शोधा, ‘बेलार्मिनो’ मध्ये तो बॉक्सर खूप बोलतो आणि त्याचं बोलणं चुकवण्यासारखं नाहीये.