तिच्या कष्टाचं मी कसं खाऊ?

बायको गेल्यावर नवऱ्याला पेन्शन मिळते का, हे विचारायला समुपदेशक म्हणून माझ्याकडं कुणी येत नाही. मिळते हेच मुळात माहीत नसतं. ज्यांना कळतं, त्यांचा प्रश्न वेगळाच असतो: "मॅडम, घ्यावी का ती?"

सोलापुरात हा प्रश्न पडण्याला कारण आहे. पूर्व भागात, साखर पेठेपासून पार विडी घरकुलापर्यंत, घरोघरी बायका विड्या वळतात. त्यांचा पीएफ कापला जातो. नवरा यंत्रमागावर उभं आयुष्य काढतो, पण त्याच्या नावानं बहुतेकदा कसलाच कागद नसतो. घरात नोकरीचा पुरावा म्हणून जे काही असतं ते बाईचं. ती आधी गेली की मागं राहिलेल्या माणसाच्या हातात तिचा कागद येतो, आणि त्याचं करायचं काय हे त्याला सुचत नाही.

अशा एका गृहस्थांविषयी लिहिते आहे. त्यांना विचारलं आहे, आणि ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.

त्यांना धाकट्या मुलीनं आणलं. ती कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला, ते पन्नाशी ओलांडलेले. पूर्वी टॉवेलच्या कारखान्यात मागावर होते. तो बंद पडल्यावर रात्रीची वॉचमनची कामं, तीही सलग नाहीत. बायको एकवीस वर्षं विड्या वळत होती. एका दुपारी विड्या वळायचं सूप मांडीवर असतानाच छातीत कळ आली. रिक्षा बोलावेपर्यंत सगळं संपलं होतं. वय सेहेचाळीस.

"नान्ना जेवत नाहीत," मुलगी वडिलांविषयी म्हणाली. "रात्री उठून बसतात. आणि आईच्या विडी कारखान्यातनं निरोप येऊन दोन महिने झाले, फॉर्मवर सही करत नाहीत. आत्या म्हणते, पेन्शन विधवेला असते, गड्याला कसली पेन्शन? पण कारखान्यातले कारकून तर म्हणाले, या म्हणून."

कारकून बरोबर म्हणाले होते. सरकारी मदतीच्या योजना एकाच पिशवीत घातल्या की असा गोंधळ होतो. संजय गांधी निराधार अनुदान योजनेतून विधवेला महिना १,५०० रुपये मिळतात. कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न २१,००० रुपयांच्या आत हवं आणि अर्ज तहसील कार्यालयात करायचा. तिथं विधुराला जागा नाही. आत्याबाईंच्या डोळ्यांसमोर ती योजना होती. पीएफबरोबरची पेन्शन निराळी. १९९५ च्या कर्मचारी पेन्शन योजनेत कामगार गेला की मागं राहिलेल्या जोडीदाराला पेन्शन मिळते, मग तो नवरा असो की बायको. नोकरीत असताना मृत्यू झाला तर एका महिन्याची वर्गणी भरलेली असली तरी पुरते. शिवाय पंचवीस वर्षांखालच्या दोन मुलांना प्रत्येकी जोडीदाराच्या पेन्शनचा पाव हिस्सा. म्हणजे शेजारी बसलेल्या या मुलीलाही तिचा वाटा होता, आणि तिला ते माहीतच नव्हतं.

मी हे सगळं पहिल्याच भेटीत उत्साहानं सांगून टाकलं. शेवटी म्हटलं, "हा तुमचा हक्क आहे."

ते उठलेच. "हक्क कसला मॅडम," एवढंच बोलले आणि जिन्यावर जाऊन उभे राहिले.

चूक माझी होती. "हक्क" हा शब्द मी वर्षानुवर्षं सासरकडून नाडल्या जाणाऱ्या बायकांसाठी वापरत आले, आणि तिथं तो फार उपयोगी पडतो. एका बाईच्या नवऱ्यानं लग्नाआधी पीएफला आईचं नाव लावलं होतं. सासू म्हणे, पैसे माझेच. पीएफच्या नियमांप्रमाणे लग्नाआधीचं नामांकन लग्नानंतर रद्द ठरतं आणि पेन्शन तर विधवेलाच जाते, हे कळल्यावर ती बाई खुर्चीत ताठ बसली होती. तिला तो शब्द आधार वाटला. या माणसाला तोच शब्द घाव वाटला. त्याच्याकडून कुणी काही हिसकावत नव्हतं. त्याच्या मते हिसकावून घेणारा तो स्वतःच होता.

दुसऱ्या भेटीत मी कागदांचं नाव काढलं नाही. त्या दोघांचा दिवस कसा जायचा, ते विचारलं. बराच वेळ ते खाली बघत राहिले. मग बोलायला लागले. पहाटे नळाला पाणी आलं की ती उठायची. पानं भिजवून ठेवायची, मग कात्रीनं कापायची. पोरी शाळेला गेल्या की सूप घेऊन दारात बसायची. हजार विड्या पुऱ्या व्हायला रात्र व्हायची. कारखान्यात विड्या देताना काही काढून टाकल्या तर त्या दिवशी ती जेवताना बोलायची नाही.

"आणि मी?" ते म्हणाले. "माग बंद पडल्यावर चार वर्षं तिच्यावरच होतो. ती वळायची, मी खायचो. आता ती मेल्यावरबी तिचंच खाऊ? मरणाचे पैसे आहेत ते."

वाक्य संपवून ते रडले. मुलीनं त्यांना रडताना कधी पाहिलं नसावं, ती घाबरून माझ्याकडं बघायला लागली. मी तिला हातानंच थांब म्हटलं.

अशा वेळी "असं मनात आणू नका" म्हणायची सगळ्यांना सवय असते. नातेवाईक म्हणतात, आणि चांगल्या मनानं म्हणतात. पण त्यामुळं माणसाला पुढचं बोलता येत नाही. मी विचारलं, जगणं नको वाटतं का, काही करून घ्यावंसं वाटतं का. हे थेट विचारावं लागतं. विचारल्यानं कल्पना डोक्यात शिरत नाही. ते म्हणाले, "पोरगी आहे ना अजून." ते उत्तर मला त्या दिवसापुरतं पुरेसं वाटलं, आणि पुढची भेट मी आठवड्याऐवजी चार दिवसांवर ठेवली.

त्या भेटीत मी एकच प्रश्न घेऊन बसले होते. पीएफ कापला जातो त्याबद्दल ती काय म्हणायची?

हे कुणी त्यांना विचारलंच नव्हतं. ते आठवत बसले. सुरुवातीला तिला विडी कामगाराचं कार्डच मिळालं नव्हतं. दुसऱ्या एका बाईच्या नावावर विड्या द्यायची, त्यामुळं पीएफही त्या बाईच्या खात्यात जायचा. मग तिनं युनियनच्या बायकांबरोबर खेटे घातले, स्वतःच्या नावाचं कार्ड काढलं. विडी उद्योगात वर्गणी दहा टक्के कापली जाते. घरात कडकी असायची, तेव्हा ते स्वतःच तिला म्हणाले होते, "हे कापून घेण्यापेक्षा हातात मिळालं तर बरं." त्यावर ती म्हणाली होती, "म्हातारपणी पोरींच्या दारात उभं ऱ्हायचं नाही. तुम्हीबी नाही, मीबी नाही."

"तुम्हीबी नाही," मी पुन्हा म्हटलं.

ते काही बोलले नाहीत. त्या दिवशी सहीही केली नाही. पण घरी गेल्यावर माळ्यावर टाकलेलं सूप त्यांनी खाली काढलं, पुसलं आणि भिंतीला लावून ठेवलं, असं मुलीनं मला नंतर सांगितलं. सही आणखी दहा दिवसांनी झाली. आधी म्हणाले, मुलीच्या वाट्यासाठी करतो, माझं नको. अर्ज एकच असतो म्हटल्यावर थोडा वेळ थांबले आणि पेन मागितलं.

पुढचं काम कटकटीचं होतं. पीएफ खात्यावर तिचं माहेरचं नाव, आधारवर सासरचं, आणि आडनावाचं स्पेलिंग दोन्हीकडं निराळं. तेलुगू आडनावांचं आपल्याकडं हे नेहमीच होतं. कारखान्याच्या सहीनं संयुक्त घोषणापत्र देऊन नाव दुरुस्त करावं लागलं. नोकरीत असतानाच मृत्यू झाल्यानं पीएफशी जोडलेल्या विम्याचाही दावा होता. मृत्यूआधी सलग बारा महिने नोकरी असेल तर तो किमान अडीच लाख आणि जास्तीत जास्त सात लाख असतो. कारकुनांनी मदत केली. एका कार्यालयातल्या खिडकीवर मात्र "विधुर? असा रकाना नाही" असं ऐकून ते परत आले होते, आणि ती एक ओळ त्यांना महिनाभर मागं घेऊन गेली. खिडकीपलीकडं बसणाऱ्यांना हे दिसत नाही. दिसायला हवं, असं मला फार वाटतं.

दोन गोष्टी आम्ही जवळपास विसरलो होतो. एक, तिचं बँकेचं पासबुक. मे महिन्याच्या अखेरीस ४३६ रुपये वजा झाले असतील तर ती प्रधानमंत्री जीवनज्योती विम्याची वर्गणी असते, आणि कारण काहीही असो, मृत्यूनंतर वारसाला दोन लाख मिळतात. खातं उघडताना कुणीतरी टिकमार्क केलेली असते आणि घरात कुणालाच पत्ता नसतो. तिच्या पासबुकात ती नोंद नव्हती, पण बघितल्याशिवाय ते कळलं नसतं. दुसरी, राष्ट्रीय कुटुंब लाभ योजना. दारिद्र्यरेषेखालच्या कुटुंबातली १८ ते ५९ वयाची कर्ती व्यक्ती गेली तर एकरकमी २०,००० रुपये. आपल्याकडं कर्ता म्हटलं की पुरुषच धरतात. पण या योजनेच्या मार्गदर्शक सूचनांत घर सांभाळणारी गृहिणीसुद्धा कर्ती धरली आहे. मी हे वाचून दाखवलं तेव्हा ते म्हणाले, "हे सरकारला माहीत आहे?" त्यांचं नाव दारिद्र्यरेषेच्या यादीत होतं. त्यांनी तो अर्ज उत्तर सोलापूर तहसीलला स्वतः नेऊन दिला, मुलीला पाठवलं नाही.

बहिणींनी मध्ये दुसऱ्या लग्नाचा विषय काढला. लग्न केलं तर पेन्शन बंद होईल का, हे त्या गृहस्थांनी मला खालच्या आवाजात विचारलं. होते, जोडीदाराची पेन्शन पुनर्विवाहापर्यंतच असते. मात्र मुलांची बुडत नाही, उलट जोडीदाराच्या पेन्शनच्या पाऊण हिश्श्याइतकी वाढते. हे मी जसंच्या तसं सांगितलं. लग्न करावं की नाही यावर मी मत दिलं नाही. पेन्शनसाठी एकटं राहणं आणि पेन्शन सोडण्यासाठी लग्न करणं, दोन्ही चुकीची कारणं वाटतात, एवढं मात्र मी म्हणाले.

पेन्शन किती आली? किमान. महिना १,००० रुपये आणि मुलीचे २५०. २०१४ च्या सप्टेंबरात ठरलेली ही किमान रक्कम आजच्या बाजारात काय पुरणार? एकवीस वर्षं पाठ मोडून विड्या वळणाऱ्या बाईच्या कष्टाला हे फार थोडं आहे, आणि मला त्याचा राग येतो. त्यांना नाही आला. पहिले पैसे आले त्या दिवशी त्यांनी त्यातून मुलीच्या परीक्षेची फी भरली आणि उरलेल्यातून भाजी आणली. जेवले का, मी विचारलं. "जेवलो," म्हणाले.

पेन्शन चालू राहायला वर्षातून एकदा हयातीचा दाखला द्यावा लागतो. आता मोबाइलच्या कॅमेऱ्यासमोर चेहरा धरूनही तो देता येतो. यंदा मुलगी परीक्षेत होती, म्हणून ते एकटेच गेले. संध्याकाळी त्यांचा फोन आला. दाढी वाढल्यामुळं की चष्म्यामुळं, मशिन तीनदा चेहरा जुळत नाही म्हणालं. त्यांनी चष्मा काढला, खुर्ची उजेडाकडं ओढली.

"चौथ्यांदा घेतलं मॅडम," ते म्हणाले. "म्हटलं, नीट बघ बाबा, मीच आहे."