जुन्या माडीच्या सागवानी फळ्या हातातल्या सँडरने घासता येतात का?

वाड्याच्या माडीवरच्या सागवानी फळ्या काळ्या पडल्यात, फरशी घासायचं मोठं मशीन गावात मिळत नाही, मग हातातल्या सँडरने घरीच जमेल का, असं तुम्ही विचारलंय. जमतं. अंबाजोगाईच्या आमच्या घराची १० बाय १२ फुटांची माडी मी ५ इंची ऑर्बिटल सँडरने (गोल तबकडीला पॉलिश पेपर लावून घासणारं हातातलं मशीन) घासली. चार रविवार गेले.

आधी फटी साफ करा. माळवदाची, म्हणजे मातीच्या सपाट छपराची, पांढरी माती वर्षानुवर्षं झरून तिथं बसलेली असते. तिच्यातला एक बारीक खडा पेपरखाली आला तरी फळीवर चरा उठतो. मग खिळे शोधा आणि पंच (डोक्यावर टेकवून ठोकायची लोखंडी कांडी) लावून दोन-तीन मिलिमीटर आत ठोका. एक डोकं जरी वर राहिलं तरी पेपर टराटरा फाटतो.

पेपर ६० नंबर, मग ८०, मग १२०. नंबर जितका लहान तितका पेपर खरखरीत. खरं काम ६० वरच होतं. काळपट थर, डाग, फळ्यांचा उंचसखलपणा सगळं तिथंच निघायला हवं. पुढचे पेपर फक्त आधीच्या पेपरचे ओरखडे काढतात. मी घाईत ६० वरून थेट १२० वर गेलो. दुपारी सगळं छान दिसत होतं. संध्याकाळी खिडकीतून तिरपं ऊन आलं आणि जिलेबीसारखे गोल ओरखडे फळीभर उठले. अर्धी माडी पुन्हा घासली. तेव्हापासून पेपर लावण्याआधी फळीवर पेन्सिलीने रेघा मारतो. त्या पूर्ण गेल्याशिवाय पुढचा नंबर नाही. मशीन दाबायचं नाही, सावकाश सरकवायचं. ग्राइंडरने लवकर होतं असं कुणी सांगितलं तर ऐकू नका, लाकडात खळगे पडतात. कोपऱ्यात गोल मशीन पोचत नाही, तिथं हातानेच, लाकडाच्या रेषेने.

सागाची धूळ घशाला आणि कातडीला त्रास देते, एन-९५ मास्क घालाच. फळ्यांवर जुना ऑइल पेंट असेल तर मात्र कोरडं घासू नका. त्यात शिसं असू शकतं. घरगुती रंगातल्या शिशावर ९० पीपीएमची (दहा लाख भागांत ९० भाग) मर्यादा आपल्याकडे २०१७ पासून लागू झाली.

शेवटी जवसाचं तेल लावणार असाल, तर तेलाची फडकी गोळा करून कोपऱ्यात टाकू नका. ती आपोआप तापून पेट घेतात. अंगणात दोरीवर एकेक मोकळं वाळत घाला.