आधी सतरा-सी दाखव

प्रिय पोरी,

तुझा मेसेज २३ नोव्हेंबर २०२४ला, विधानसभेच्या निकालाच्या रात्रीच वाचला होता. मुद्दामच उत्तर दिलं नाही. निकालाच्या रात्री हरलेल्या बाजूचा माणूस जे बोलतो, ते आठवड्याने त्याचं त्यालाच पटत नाही. जिंकलेल्याचं तर विचारूच नकोस. आता पंधरा-वीस दिवस झालेत, गुलाल धुऊन निघालाय, म्हणून लिहितोय.

तू विचारलंस, "काका, लोकसभेला आपल्याला इथे लीड होतं. पाच महिन्यांत असं काय झालं? मशिनमध्येच काहीतरी आहे." असेल किंवा नसेल. मी एवढंच विचारतो, तुझ्या बूथची सतरा-सी कुठाय?

मतदान संपल्यावर केंद्राध्यक्ष जो हिशेब भरतो, तो हा कागद, फॉर्म १७-सी. कंट्रोल युनिटचा नंबर, नोंदवहीप्रमाणे किती लोक आले, मशिनमध्ये एकूण किती मतं पडली, कागदी सीलचे नंबर, सगळं त्यावर असतं. हजर असलेल्या प्रत्येक पोलिंग एजंटला, म्हणजे उमेदवाराच्या बूथवरच्या माणसाला, त्याची प्रत द्यावीच लागते. फक्त हजर असावं लागतं. ते मला एकदा भोवलंय. खूप वर्षांपूर्वी मी बूथवर दिवसभर उपाशी बसलो आणि मतदान संपताच पोरांबरोबर ढाब्यावर गेलो. म्हटलं, कागद काय, सकाळी घेऊ. मतमोजणीला आमच्या टेबलावर त्या बूथचा एकूण आकडा वाचला तेव्हा तो बरोबर की चूक, हे सांगायला माझ्याकडे काहीच नव्हतं. उमेदवाराने माझ्याकडे पाहिलं, मी टेबलासमोरच्या जाळीकडे.

या वेळी २० नोव्हेंबरला संध्याकाळी पाच वाजता राज्याचं मतदान ५८.२२ टक्के सांगितलं आणि अंतिम आकडा ६६.०५ आला. त्यावर अजून रान पेटलेलं आहे. आयोग म्हणतो, पाचचा आकडा तोंडी कळवलेला असतो आणि सहाला रांगेत असलेल्या सगळ्यांना मतदान करू द्यावं लागतं. हे खरंच आहे. शेवटच्या माणसापासून पुढे चिठ्ठ्या वाटत येतात, म्हणजे मागून कोणी घुसायला नको. तू स्वतः ते पाहिलंयस. पण ही फुगलेली टक्केवारी खरी की खोटी, हे टीव्हीवरच्या चर्चेत ठरणार नाही. आपल्या मतदारसंघातल्या सगळ्या सतरा-सी एका टेबलावर आण, बेरीज कर आणि जाहीर झालेल्या आकड्याशी लाव. जुळलं तर तो विषय सोड. नाही जुळलं तर मी तुझ्याबरोबर कोर्टात येतो. निवडणूक याचिकेला निकालापासून ४५ दिवस मिळतात, म्हणजे आपल्याला ७ जानेवारी २०२५पर्यंत वेळ आहे. दुसऱ्या-तिसऱ्या क्रमांकाच्या उमेदवाराला पाच टक्के मशिन तपासून मागता येतात, पण त्याची सात दिवसांची मुदत कधीच संपली. तेव्हा आपले सगळे नेते मुलाखती देत होते.

सोलापूर जिल्ह्यात माळशिरसमधल्या मारकडवाडीचं तू लिहिलंस. तिथे आपला उमेदवार जिंकला, तरी त्यांच्या गावातच तो मागे कसा, हे गावकऱ्यांना पटेना. ३ डिसेंबरला ते कागदी मतपत्रिकेवर पुन्हा मतदान घेणार होते, प्रशासनाने जमावबंदी लावून थांबवलं. मला विचारशील तर थांबवायला नको होतं आणि त्या मतदानाने काही सिद्धही झालं नसतं. घोषणा दिल्यावर, लोकांच्या डोळ्यांसमोर केलेलं मतदान वेगळंच असतं. पण एक गोष्ट बघ. गावाला शंका आली ती बूथचा आकडा हातात होता म्हणून. म्हणजे आकडा मिळतो.

आता तुझं खरं दुखणं, ते लीड. फॉर्म वीसमध्ये, म्हणजे अंतिम निकालाच्या तक्त्यात, बूथवार मतं असतात. लोकसभेचा आणि विधानसभेचा फॉर्म शेजारी शेजारी ठेव आणि बूथनिहाय दोन गोष्टी बघ: आपली मतं किती कमी झाली आणि समोरच्याची किती वाढली. ही दोन वेगळी दुखणी आहेत, औषधंही वेगळी. आपला माणूस घरी बसला असेल तर तो आपला आळस. आपला आकडा तेवढाच राहून समोरच्याचा वाढला असेल, तर लोकसभेला न आलेले लोक या वेळी कोणीतरी आणले. कोणी आणले, ते तुला त्या गल्लीतल्या बायका सांगतील. लाडकी बहीणचे दीड हजार खात्यात आले हे कारण आहेच, पण सगळं त्याच्या डोक्यावर टाकणं म्हणजे बायकांना मत विकणाऱ्या ठरवणं. तसं तू तरी बोलू नकोस. लोकसभेला आपल्या महाविकास आघाडीला ४८ पैकी ३० जागा आल्या तेव्हा याच बायका सुज्ञ होत्या ना?

राज्याचा आकडा मात्र जपून वाच. महायुतीत भाजप १३२, शिंदेंची शिवसेना ५७, अजित पवारांची राष्ट्रवादी ४१. आपल्याकडे ठाकरेंचे २०, काँग्रेसचे १६, शरद पवारांचे १०. शरद पवारांच्या पक्षाला ११.२८ टक्के मतं, अजित पवारांच्या पक्षाला ९.०१. मतं जास्त, जागा चौथा हिस्सा. यावरून कुणी काही ओरडायला लागलं की आधी विचार, लढवल्या किती? शरद पवारांनी ८६, अजित पवारांनी ५९. जास्त जागी दुसरा नंबर काढला की टक्का वाढतो, आमदार वाढत नाही. टक्केवारी आणि जागांचं हे गणित आपल्या पद्धतीत कायमच वाकडं आहे. आपण जिंकतो तेव्हा ते कोणाला टोचत नाही.

लाट होती हेही मान्य. शिरपूरला जवळजवळ दीड लाखाचं मताधिक्य होतं, तिथे बूथ एजंटने काय करायचं? पण त्याच दिवशी मालेगाव मध्यला १६२ मतांनी निकाल लागला आणि साकोलीत २०८ मतांनी. १६२ मतं म्हणजे एका वाडीतली लग्नाला गेलेली माणसं. लोकसभेला मुंबई वायव्यमध्ये तर ४८. आपला उमेदवार किती हजारांनी पडला ते मला माहीत आहे, तू पुन्हा सांगू नकोस. मी तुझ्या बूथबद्दल विचारतोय.

आणि ते मोजणीच्या टेबलाचं. तू लिहिलंस की अकराव्या फेरीनंतर तू उठून गेलीस. चौदा टेबलं, समोर जाळी, मोबाइल बाहेर, पायाला मुंग्या, सगळं मला माहीत आहे. लीड तुटलं की खुर्चीत बसवत नाही. पण तू उठल्यावर तुझ्या टेबलावरच्या मशिनचे आकडे आपल्या बाजूने कोणी लिहिले?

रविवारी घरी ये. सतरा-सी जितक्या मिळतील तितक्या आण, नाही मिळाल्या त्यांच्या बूथची आणि एजंटांची नावं लिहून आण. काकूने पिठलं करायचं कबूल केलंय. येताना मोठी पट्टी आण, माझी मोडलीय आणि फॉर्म वीसच्या ओळी फार बारीक असतात.

तुझा,
बूथवाला काका