भाचीला संग्रहालयाची संचालक व्हायचंय

रेनेसाँस चित्रकलेत एमए करणाऱ्या भाचीला पुढे संग्रहालयाची संचालक व्हायचंय, वाट कशी असते, असं विचारलंत. पदव्यांची यादी कुठेही मिळेल. इटालियन मात्र आत्तापासून शिकू दे. मी संग्रहालयाच्या जतन विभागात नोकरी केली, त्यामुळे मला दिसते ती दुसरी बाजू सांगतो: या कामात माणूस चारचौघांत चुकतो, आणि त्याचं काय करतो यावर पुढचं ठरतं.

लंडनच्या नॅशनल गॅलरीचंच बघा. चार्ल्स ईस्टलेक मूळचा चित्रकार, रोममध्ये बरीच वर्षं राहिलेला. तो गॅलरीचा कीपर, म्हणजे संग्रह सांभाळणारा अधिकारी, असताना १८४५ साली होल्बाइन या नावाजलेल्या जर्मन चित्रकाराचं म्हणून एक चित्र घेतलं गेलं. ते होल्बाइनचं नव्हतंच! त्यात चित्रं साफ करताना बिघडवली म्हणून पेपरांत ओरड. १८४७ मध्ये त्याने पद सोडलं. आणि १८५५ साली पहिला संचालक नेमायची वेळ आली, तेव्हा पुन्हा त्यालाच बोलावलं. मग गॅलरीसाठी चित्रं शोधायला दरवर्षी इटलीची वारी. चर्च, वाडे पालथे घालायचे आणि कोणत्या चित्राचा रंग कुठे उडालाय, कुठे नंतर कुणी हात फिरवलाय, हे वहीत टिपायचं. १८५७ मध्ये व्हेरोनेझे या इटालियन चित्रकाराच्या एका भल्यामोठ्या चित्राला १३,६५० पौंड मोजले. १८६१ मध्ये पिएरो देल्ला फ्रांचेस्का या आणखी जुन्या इटालियन चित्रकाराचा 'ख्रिस्ताचा बाप्तिस्मा' २४१ पौंडांत आला. त्यात मागे एक माणूस सदरा काढतोय, डोकं अजून आतच अडकलंय. मी त्या माणसासमोरच जास्त वेळ उभा होतो. ईस्टलेक १८६५ मध्ये पिसात वारला, इटलीच्या अशाच एका फेरीत.

केनेथ क्लार्क १९३४ मध्ये याच गॅलरीचा संचालक झाला तेव्हा तिशीचा. विंडसरमधल्या लिओनार्दोच्या रेखाटनांवर काम केलेला, म्हणजे नजर तयार. तरी १९३७ मध्ये चार छोटी चित्रं व्हेनिसच्या जोर्जोने या थोर चित्रकाराची म्हणून घेतली आणि ती निघाली प्रेविताली नावाच्या बऱ्यापैकी पण दुय्यम चित्रकाराची. भरपूर नाचक्की झाली.

त्यानंतर युद्ध आलं. १९४१ मध्ये बॉम्बपासून वाचवायला गॅलरीची चित्रं वेल्समधल्या मॅनॉडच्या स्लेटच्या खाणीत गेली. व्हॅन डाइकने काढलेलं, घोड्यावर बसलेल्या पहिल्या चार्ल्स राजाचं चित्र एवढं उंच, की एका पुलाखालचा रस्ता खणून खोल करावा लागला. खाणीत विटांच्या खोल्या बांधून दमटपणा कायम एकसारखा ठेवला, तर लाकडी फळ्यांवर रंगवलेल्या चित्रांच्या तक्रारीच कमी झाल्या. इकडे लंडनच्या रिकाम्या गॅलरीत दुपारच्या मैफली, आणि १९४२ पासून खाणीतून महिन्याला एकच चित्र आणून लोकांना दाखवायचं. जोर्जोनेवरचा अभ्यास यातल्या कशाच्याही कामाचा नव्हता. ट्रक, ओलावा, बॉम्ब आणि ट्रस्टी, हीच संचालकाची रोजची भाजीभाकरी.

मुंबईत असाल तर भाचीला छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात पाठवा. टाटांनी दिलेली युरोपीय चित्रं तिथे आहेत. एक चित्र निवडायचं, पाटी न वाचता तासभर बघायचं. तडे कुठे, वॉर्निश कुठे पिवळं पडलंय, ते वहीत लिहायचं, आणि शेवटी चित्रकार कोण असेल तेही. मग पाटी वाचायची. चुकलेलं पान फाडायचं नाही.