पायात कॅलिपर (पायाला आधार देणारी पट्ट्यांची चौकट) आहे, वॉर्डातली ड्युटी करून घरी आल्यावर विरंगुळ्यासाठी अंगात काही उरतच नाही. काय करावं?

ताई, लहानपणी पोलिओ झालेला, जळगावात स्टाफ नर्स, आणि सुट्टीसुद्धा झोपण्यातच जाते असं तुम्ही लिहिलंय. मी सांगेन, आधी घरी आल्यानंतरचा पहिला अर्धा तास पायाला द्या, स्वयंपाकघराला नको.

कॅलिपर काढून पाय उशीवर ठेवा आणि कातडी नीट बघा. मांडीच्या पट्ट्याखाली, गुडघ्याच्या बाजूला, घोट्यावर लाल वण असतात. अर्ध्या तासात मावळले तर ठीक. राहिले तर तिथं दाब पडतोय; पट्टा किंवा पॅड बदलून घ्या, आणि तोवर बाहेर फिरण्यासाठी कॅलिपर पुन्हा चढवू नका. आपल्याकडे मे महिन्यात पारा 44-45 ला टेकतो, चामडी पट्टे घामानं ओलेच राहतात आणि कातडी सोलते ती तिथंच. आतून लांब सुती मोजा घाला, दुसरा जोड पर्समध्ये ठेवून डबा खाताना बदला. पट्टे सावलीत वाळवा, उन्हात चामडं कडक होतं.

"रोज चाला, बरं वाटेल" हा सल्ला पोलिओच्या पायाला सरसकट लावू नका. उरलेले स्नायू आधीच जास्तीचं काम करत असतात. दुसऱ्या दिवशी पाय जड वाटला तर आदल्या दिवशी जास्त झालं, एवढं नक्की धरा. मेहरूण तलावावर जरूर जा, पण बसायला. व्यायाम हवाच तर पाण्यात: कमरेएवढ्या पाण्यात पायांवर साधारण निम्माच भार येतो. काठाला कठडा हवा, सोबत कुणीतरी हवं, आणि पाणी गार नको.

माणसांत मिसळणं मात्र सोडू नका. उन्हाळ्यात गल्लीतल्या बाया पापड लाटायला बसतात तेव्हा खाली बसता येत नाही म्हणून घरी थांबू नका. पोळपाट टेबलावर मांडा, कॅलिपरचं गुडघ्याजवळचं लॉक उघडून खुर्चीत बसा. गप्पा तिथंही तेवढ्याच होतात.

नाईटनंतरच्या दिवशी काही ठरवू नका. विरंगुळा इव्हिनिंग ड्युटीच्या सकाळी ठेवा, तेव्हा अंगात ताकद असते. सरकारी दवाखान्यात असाल तर दिव्यांग हक्क अधिनियम 2016 च्या कलम 20 खाली वाजवी सोयी मागता येतात: नोंदी लिहायला स्टूल, नाईटला लागून मॉर्निंग नको. तोंडी नको, मेट्रनकडे लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या.

आणि अलीकडे जिना चढताना पूर्वीपेक्षा ताकद कमी पडतेय असं वाटत असेल, तर वय किंवा ड्युटी म्हणून सोडू नका. पोलिओनंतर कित्येक वर्षांनी अशी अशक्तता येऊ शकते, न्यूरॉलॉजिस्टना दाखवा.