विचारा, सांगतो: मंत्रशक्तीचा नकाशा काढणारं यंत्र

प्रश्न: मी एक अद्भुत दीर्घकथा लिहिते आहे. बडोद्याच्या कलाभवनातले एक मास्तर १९०५ साली ‘शक्तिलेखक’ नावाचं यंत्र बनवतात. शहरात कुठे, केव्हा, किती मंत्रशक्ती होती याचा नकाशा ते काढतं, अगदी शंभर वर्षांपूर्वीचासुद्धा. वाचकाला ते खरं वाटावं म्हणून काय काय दाखवू?
– एक वाचक, दांडिया बाजार, बडोदे

उत्तर: ताई, साल फार छान निवडलंत. कलाभवन ही कारागिरी शिकवणारी शाळा १८९० ची, म्हणजे मास्तरांच्या हाताशी कारागीर आहेत. आणि नेमकं त्याच सुमारास तिकडे मुंबईत, डोळ्यांना न दिसणारी शक्ती मोजणारी खरीखुरी यंत्रं बिऱ्हाड हलवत होती. कुलाब्याच्या वेधशाळेत १८४१ पासून पृथ्वीच्या चुंबकत्वाची नोंद व्हायची. शहरात विजेची ट्राम येणार म्हटल्यावर सुया बिथरणार हे उघड होतं. म्हणून १९०४ मध्ये अलिबागला वेधशाळा उभी राहिली. बांधकामात लोखंड वर्ज्य. दगड आपल्या पोरबंदरचा, तोही चुंबकत्व नाही ना ते तपासून घेतलेला. १९०६ पर्यंत दोन्हीकडे एकाच वेळी नोंदी चालल्या, म्हणजे जुनी वही नव्या वहीला नीट जोडता यावी. तुमच्या मास्तरांना अलिबागची एक वारी घडवाच.

आतली रचना तिथूनच घ्या. बारीक धाग्याला टांगलेला चुंबक, त्याला चिकटवलेला इवलासा आरसा, त्यावर दिव्याची तिरीप, आणि समोर सावकाश फिरणाऱ्या नळकांड्यावर फोटोचा कागद. चुंबक केसभर हलला तरी कागदावरची रेघ चांगली सरकते. चुंबकाच्या जागी काय टांगायचं ते तुम्ही ठरवा.

मात्र आधी कित्येक महिने काहीच न घडणारी रेघ दाखवा. चुंबकाची सुईसुद्धा सूर्यामुळे रोज थोडी डोलते. तो रोजचा डोल पाठ असला तरच वेगळा दिवस ओळखता येतो. २ सप्टेंबर १८५९ ला कुलाब्याच्या नोंदीत चुंबकत्वाच्या जोरात सुमारे १६०० नॅनोटेस्लाची (नॅनोटेस्ला हे तो जोर मोजायचं माप) घसरण दिसली. आदल्या दिवशी सूर्यावर मोठा स्फोट झाला होता. ते चुंबकीय वादळ आज आपल्याला मोजता येतं, कारण त्याआधीच्या साध्या दिवसांचे आकडे कुणीतरी न कंटाळता लिहून ठेवले होते.

मी इथल्याच एका कॉलेजात पदार्थविज्ञानाची प्रयोगशाळा सांभाळायचो. एका मुलाच्या डिफ्लेक्शन मॅग्नेटोमीटरचा, म्हणजे चुंबकाचा जोर मोजायच्या होकायंत्रासारख्या उपकरणाचा, काटा दर खेपेला तीन-चार अंश चुकायचा. काचेवर बोटाने टिचकी मारून पाहिली, काटा आणि आरशातली त्याची सावली एकावर एक आणून वाचन घेतलं, तरी तेच. शेवटी त्याला म्हटलं, दोन पावलं मागे हो. काटा जागेवर आला. खिशात घरच्या किल्ल्यांचा जुडगा होता! ताई, हा प्रसंग मला तुमच्या कथेत दिसतो: रेघ रोज संध्याकाळी उसळते, मास्तर सगळं शहर धुंडाळतात, आणि ती उसळते त्यांची स्वतःची मुलगी दिवा लावायला खोलीत येते म्हणून.

आता शंभर वर्षांपूर्वीचं. यंत्र मागे जाऊन मोजतं, असं कृपा करून लिहू नका. जुना काळ कशात तरी साठलेला असावा लागतो. मातीत लोहाचे कण असतात. भट्टी खूप तापून निवते तेव्हा त्या क्षणीच्या पृथ्वीच्या चुंबकत्वाची दिशा ते कण धरून ठेवतात. भट्टी जागची हलली नाही, तर शतकांनंतरही ती दिशा वाचता येते. पण पुन्हा तितकीच तापवली, की आधीचं पुसून नवं उमटतं. मॅग्नेटाइट या लोहखनिजाच्या कणांसाठी ही हद्द सुमारे ५८० अंश सेल्सियस.

तेव्हा मास्तरांना जुन्या वाड्यांमागच्या, तांबटांच्या आळीतल्या बंद पडलेल्या भट्ट्या शोधत फिरवा. प्रत्येक भट्टी तिच्या शेवटच्या जाळाची तारीख आणि त्या दिवशीची मंत्रशक्ती सांगेल, त्याआधीचं काही नाही. त्या तारखांची आणि जागांची जुळणी करत नकाशा भरायचा. मोकळ्या जागा मोकळ्याच ठेवा. समीकरणं नकोत, एक चांगली वही पुरे.

आणि एखादी भट्टी अशी असू द्या, जी मास्तर पोचायच्या आदल्याच रात्री कुणीतरी पुन्हा पेटवली आहे.